सरावाची काडतुसं

आपल्याच जालना जिल्ह्यातल्या असईला 23 सप्टेंबर 1803 रोजी आर्थर वेलस्लीची फौज आणि शिंदे-भोसल्यांची फौज भिडली. त्या दिवशीच्या बंदुकांची नळी आतून गुळगुळीत होती. शंभर यार्डांपलीकडचा एकटा माणूस टिपणं म्हणजे दैवाचा खेळ. म्हणून शिपायांनी रांगेत उभं राहून एकदम बार काढायचे. पुढे नळीत आटे आले, मागून काडतूस भरता येऊ लागलं आणि एकेका शिपायाच्या नेमाला मोल आलं. मला आज बोलायचं आहे ते या नेमाबद्दल.

राज्य राखीव पोलीस दलाचा गट क्रमांक 3 जालन्यात आहे, तेव्हा 'थ्री नॉट थ्री' म्हणजे काय हे इथे समजावून सांगायला नको. मूळची 1895 ची ही ली-एन्फील्ड बंगालमधल्या ईशापूरच्या कारखान्यात वर्षानुवर्षं बनत राहिली. बोल्टची मूठ वर उचलायची, मागे ओढायची, की पुंगळी बाहेर पडते. पुढे ढकलून मूठ खाली पाडली, की नवं काडतूस नळीत बसतं. मॅगझिनमध्ये दहा गोळ्या, आणि प्रत्येक गोळीमागे एवढी हातची मेहनत.

26 नोव्हेंबर 2008 च्या रात्री छत्रपती शिवाजी टर्मिनसवर अतिरेक्यांच्या हातात एके-47 होत्या आणि आपल्या काही पोलिसांकडे हीच रायफल. त्या रात्रीनंतर थ्री नॉट थ्री म्हणजे भंगार, असं लोकांनी ठरवून टाकलं. गर्दीच्या फलाटावर, समोरून गोळ्यांचा वर्षाव होत असताना ती अपुरी पडणारच. पण या हल्ल्याच्या चौकशीसाठी नेमलेल्या राम प्रधान समितीच्या अहवालात आणखी एक गोष्ट नोंदलेली आहे: सरावासाठी काडतुसांचा तुटवडा होता. रायफलीच्या वयावर आपण भरपूर बोललो, या तुटवड्यावर फारच थोडं. मला तो जास्त गंभीर वाटतो.

कारण असा हाताने बोल्ट ओढायच्या, म्हणजे बोल्ट-ॲक्शन रायफलींची जात मुळीच जुनाट झालेली नाही. 2019 मध्ये आपल्या लष्कराच्या उत्तर विभागाने नियंत्रण रेषेवरच्या नेमबाजांसाठी बेरेटाची स्कॉर्पिओ टीजीटी आणि बॅरेटची एम-95 घेतली. दोन्ही बोल्ट-ॲक्शनच. त्याआधी त्यांच्या हाती ड्रॅगुनोव्ह होती, आपोआप पुढची गोळी भरणारी. तशा रायफलीत गोळी सुटतानाच गॅसच्या दाबाने आतले भाग हलू लागतात. बोल्ट-ॲक्शनमध्ये गोळी नळीबाहेर पडेपर्यंत काही हलत नाही. शिवाय नेमबाज स्वतः बोल्ट ओढेपर्यंत पुंगळी आतच राहते. ती उडून त्याची जागा उघडी पाडत नाही.

सैनिकाचा नेम पार किलोमीटरभर लांबचा असू शकतो. पोलिसाचं अंतर बहुधा त्याहून पुष्कळ कमी, पण काम अवघड. खिडकीत गुन्हेगार, त्याला खेटून ओलीस धरलेली बाई, मध्ये काच. काचेतून जाताना गोळी वाकडी होऊ शकते. आणि तिचा जाब कायद्यापुढे द्यायचा असतो.

हा हात तयार होतो चांदमारीवर. मे महिन्यात आपल्या माळावर दुर्बिणीला डोळा लावा. तापलेल्या हवेच्या लहरी दिसतात. त्या सरळ वर चढत असतील तर आडवा वारा पडलेला. एका अंगाला कलल्या तर वारा त्या दिशेला. थंड नळीतली पहिली गोळी आणि तापलेल्या नळीतली दहावी एकाच ठिकाणी बसेलच असं नाही, म्हणून जाणता नेमबाज पहिल्या गोळीची नोंद वहीत वेगळी ठेवतो. श्वास सोडायचा, क्षणभर थांबायचं, आणि घोडा झटक्याने न ओढता हळूहळू मागे आणायचा. हे पुस्तक वाचून येत नाही. त्याला गोळ्या खर्च कराव्याच लागतात, आणि तो खर्च वाया गेला असं मानणाऱ्या कारकुनी हिशेबाची मला चीड येते.

पोलिसांसाठी नव्या रायफली घेतल्याची बातमी वाचाल, तेव्हा आपल्या आमदारांना एक प्रश्न जरूर विचारा: आमच्या गटातल्या प्रत्येक जवानाला वर्षाकाठी सरावाला किती काडतुसं मिळतात? आणि उत्तर आकड्यातच मागा.