बंदोबस्ताचे काम आणि सरकारचे देणे
(ज्ञातीच्या वार्षिक मेळाव्यात, भंडारा येथे केलेले भाषण)



आपल्या ज्ञातीतील कित्येक कुटुंबे मंडप-बिछायत, वाहतूक, भोजनव्यवस्था व किरकोळ बांधकाम या धंद्यांवर निर्वाह करतात. निवडणूक, मिरवणूक किंवा अकस्मात उद्भवलेला तंटा अशा प्रसंगी बंदोबस्तासाठी रात्री-अपरात्री निरोप येतो. कठडे, तंबू, दिवे, गाड्या, शिपायांचे जेवण उजाडण्यापूर्वी हजर करावे लागते. काम पार पडते, शांतता राहते. बिल मात्र या टेबलावरून त्या टेबलावर फिरत राहते. अधिकाऱ्याची बदली झाली की त्याच्या जागी आलेले साहेब विचारतात, "लेखी हुकूम कोठे आहे?" या प्रश्नाला कायद्यात काय उत्तर आहे, एवढेच आज आम्ही आपणांपुढे मांडणार आहोत.

राज्यघटनेच्या 299 व्या कलमान्वये राज्य सरकारचा करार राज्यपालांच्या नावे व अधिकृत अधिकाऱ्याच्या सहीने व्हावा लागतो. सही करणारा अधिकारी व्यक्तिशः जबाबदार नाही, असेही तेच कलम सांगते. म्हणजे तोंडी हुकुमावर राबलेल्या माणसाने दाद मागावी तरी कोणाकडे?

या प्रश्नाचा एक महत्त्वाचा निर्णय आपल्या भंडाऱ्याच्याच खटल्यात झाला आहे. पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत येथून लोकसभेवर निवडून आलेले चतुर्भुज विठ्ठलदास जसानी हे मुलजी सिक्का आणि कंपनी या विडीच्या पेढीत भागीदार होते. ही पेढी सैनिकांच्या कँटीनसाठी सरकारला विड्या पुरवीत असे. सरकारशी असा व्यवहार असणारा उमेदवार अपात्र ठरतो, ही हरकत. करार राष्ट्रपतींच्या नावे झालेलाच नाही, सबब तो निरर्थक आहे, हा बचाव. 1954 साली सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला. न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस (हे पूर्वी नागपूरच्या उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश होते) यांनी म्हटले की, असंख्य अधिकाऱ्यांना रोज किरकोळ, कधी तातडीचे करार करावे लागतात. प्रत्येकासाठी जडजंबाल दस्तऐवज हवा म्हटले तर अनर्थ होईल. सरकारला असा करार मागाहून मान्य करता येतो. शिवाय माल पोचता झाला म्हणून करार संपत नाही. पैसे चुकते होईपर्यंत तो जिवंतच राहतो. जसानींची जागा यामुळे गेली; आणि त्यानंतरच्या पोटनिवडणुकीत डॉ. बाबासाहेब आंबेडकर येथून उभे राहिले व पराभूत झाले, हे वडीलधाऱ्यांनी सांगितलेले आपण ऐकलेच असेल.

परंतु सरकारने मान्यताच नाकारली तर? 1961 साली भिकराज जयपुरिया खटल्यात 299 व्या कलमासारख्याच जुन्या तरतुदीचा विधी सक्तीचा ठरला. तेव्हा निव्वळ करारावर विसंबणे धोक्याचे. येथे 1872 च्या करार कायद्याचे 70 वे कलम उपयोगी पडते. 1944 साली बंगालमध्ये बी. के. मंडल आणि मंडळींनी पुरवठा खात्याच्या अधिकाऱ्यांच्या सांगण्यावरून कोठारे, पहाऱ्याची खोली, स्वयंपाकघर वगैरे बांधून दिले. सरकारने इमारती वापरल्या आणि करार नाही म्हणून पैसे नाकारले. 1961 साली सर्वोच्च न्यायालयाने ठेकेदाराच्या बाजूने निकाल दिला. काम कायदेशीर असावे, फुकट करण्याचा हेतू नसावा आणि सरकारने लाभ स्वीकारलेला असावा. मग मोबदला द्यावाच लागतो. मात्र हा मोबदला वाजवी किमतीइतका. आपण बिलात लिहू तो आकडा नव्हे.

म्हणूनच निरोप आला की नकार देऊ नका, पण सामान उतरवतानाच नगांची यादी करून हजर अंमलदाराची तारखेसह सही घ्या. साहेबांना तसे विचारणे आमच्यातल्या पुष्कळांना संकोचाचे वाटते; आम्हांला त्यात उद्धटपणा दिसत नाही.

दाव्याची मुदत सामान्यतः तीन वर्षांची आहे. "पुढल्या अनुदानात पाहू" या तोंडी आश्वासनाने ती एक दिवसही वाढत नाही. मुदतीच्या आत सहीनिशी दिलेल्या लेखी कबुलीने मात्र ती नव्याने सुरू होते. दाव्यापूर्वी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या 80 व्या कलमान्वये दोन महिन्यांची नोटीस हवी. त्यासाठी मुंबईस खेटे घालण्याचे कारण नाही. ती येथे भंडाऱ्यास जिल्हाधिकारी कचेरीतही देता येते.