रामा शेट्टीचा खालचा आवाज

(आलापल्ली येथे कार्यकर्त्यांपुढे झालेल्या भाषणाचा मजकूर)



झाडीपट्टीच्या प्रेक्षकाला खलनायक कसा असतो हे शिकवावे लागत नाही. धान घरात आले की या मुलखात रात्ररात्र नाटके रंगतात, आणि रंगमंचावरचा सावकार कोणावरून बेतला आहे, हे आलापल्लीचा माणूस पहिल्याच प्रवेशात ताडतो. अशा जाणत्या प्रेक्षकांपुढे सदाशिव अमरापूरकरांविषयी बोलणे अप्रस्तुत ठरणार नाही.

१९५० साली जन्मलेले अमरापूरकर अहमदनगरचे (आजचे अहिल्यानगर). रंगभूमीवर ते घडले. '२२ जून १८९७' या १९७९ च्या मराठी चित्रपटात त्यांनी लोकमान्य टिळक उभे केले. पुढे 'हँड्स अप' नाटकातील त्यांचे काम गोविंद निहलानींच्या नजरेत भरले आणि १९८३ साली 'अर्धसत्य'मधला रामा शेट्टी पडद्यावर आला. श्री. दा. पानवलकरांची कथा, विजय तेंडुलकरांची पटकथा आणि नगरच्या नटाचा हा खलनायक. हिंदी चित्रपटाला मराठीने दिलेले हे देणे लहान नव्हे.

तोवरचा हिंदी खलनायक गडगडाटी हसे, गुहेत राही. रामा शेट्टी आवाजसुद्धा चढवीत नाही. फौजदार दारात उभा आहे, आणि वरिष्ठांशी झालेल्या एका फोनने तो रिकाम्या हाताने परततो. पुढे हाच गृहस्थ निवडणुकीला उभा राहतो! ज्याच्या खिशात व्यवस्था आहे त्याला ओरडण्याचे कारणच काय? तेंदूपत्त्याच्या फळीवर पुड्यांची मोजणी होताना किंवा लाकडाच्या लिलावाच्या वेळी असा खालचा आवाज ऐकलेले पुष्कळजण या सभेत असतील.

या भूमिकेने त्यांना फिल्मफेअर पारितोषिक मिळवून दिले. पुढे धंदेवाईक चित्रपटाने मात्र या नटाला मनसोक्त राबविले. 'हुकूमत' (१९८७) मधला दुष्टावा, 'आँखें' (१९९३) आणि 'इश्क' (१९९७) मधला विनोद, सगळे त्यांनी निभावले. पण कित्येक पटकथा त्यांच्या पात्रतेच्या नव्हत्या. 'सडक' (१९९१) मधल्या महाराणीबद्दल तर स्पष्ट बोलले पाहिजे. अभिनय थरकाप उडविणारा होता, पारितोषिकही मिळाले. परंतु तृतीयपंथीयांना राक्षसी रंगविणाऱ्या त्या पात्राने एका गांजलेल्या समाजाविषयीची घृणा वाढविली. नटाच्या मोठेपणापुढे समाजवाद्यांनी ही गोष्ट गिळून टाकू नये.

मात्र याच प्रसिद्धीचा दुसरा उपयोगही त्यांनी केला. डॉ. श्रीराम लागू, निळू फुले यांच्यासह ते अत्र्यांच्या 'लग्नाची बेडी'त उतरले. हे प्रयोग सामाजिक कृतज्ञता निधीसाठी होते, आणि त्या निधीतून पूर्णवेळ कार्यकर्त्यांना मानधन मिळू लागले. चळवळीत आयुष्य घालणाऱ्याच्या घरी चूल कशी पेटते, हा प्रश्न आपल्या बैठकांत सहसा विषयपत्रिकेच्या तळाशी असतो. या नटांनी त्यासाठी तोंडाला रंग लावला.

२०१३ च्या मार्चमध्ये महाराष्ट्र दुष्काळात होरपळत असताना मुंबईत होळीनिमित्त पाण्याची उधळण चालली होती. अमरापूरकरांनी हरकत घेतली आणि त्यांना मारहाण झाली. तेव्हा ते साठी ओलांडलेले होते. त्याच वर्षी 'बॉम्बे टॉकीज'मध्ये दिबाकर बॅनर्जींनी त्यांना छोटी भूमिका दिली: पोट भरण्यासाठी धडपडणाऱ्या, अपयशी नटाला खडसावणारा, दिवंगत झालेला नाट्यगुरू. पुढच्या वर्षी, ३ नोव्हेंबर २०१४ रोजी, ते गेले. अंत्यसंस्कार नगरलाच झाले.