पुरणयंत्रातला सफरचंदाचा सॉस : साखर नाही, अर्ध्या तासात तयार

(या भागाचं लेखी रूप. ओट्याशी उभं राहून करायचं असेल तर ऐकण्यापेक्षा वाचणं सोपं जातं, असं बऱ्याच जणांनी कळवलं, म्हणून बोलले तसंच इथे उतरवून ठेवलंय.)

आजचा पदार्थ इतका साधा आहे की त्याला पाककृती म्हणावं का, असाच प्रश्न पडावा. सफरचंदाचा सॉस. सॉस म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर टोमॅटोची बाटली येते. पण अमेरिकेत 'ॲपलसॉस' म्हणजे शिजवून गाळलेलं सफरचंद, बस्स. जर्मनीत याच्याच भावाला 'आप्फेलमूस' म्हणतात आणि बटाट्याच्या धिरड्यांबरोबर खातात. आपल्याकडे जवळचं नातं सांगायचं तर साखरांब्याचा बिनसाखरेचा चुलतभाऊ म्हणा.

मग एवढ्याशा गोष्टीवर अख्खा भाग कशाला? कारण हा पदार्थ ज्यांना खरंच लागतो, त्यांच्या घरी तो चवीपुरता नसतो. दात नसलेले आजी-आजोबा, नुकतं खायला लागलेलं बाळ, तोंड आलेला पेशंट, आणि अर्धांगवायूनंतर ज्यांना गिळायला त्रास होतो अशी माणसं. आमच्या घरी ही शेवटची गोष्ट घडली, त्याबद्दलही बोलणार आहे. पण आधी कृती.

सुरुवात फळापासून. आपल्या बाजारात जुलै-ऑगस्टपासून हिमाचलचा माल येतो, मागोमाग काश्मीरचा. दिवाळीनंतर जे मिळतं ते बरंचसं शीतगृहातलं, नाहीतर परदेशातलं. आपल्याला सगळ्यात ओळखीचं लालभडक, खाली पाच उंचवटे असलेलं फळ म्हणजे डेलिशियस जातीचं. 1916 च्या सुमारास सॅम्युअल स्टोक्स या अमेरिकेतून आलेल्या गृहस्थांनी शिमल्याजवळ कोटगढ भागात या जातीची झाडं लावली. पुढे ते सत्यानंद स्टोक्स झाले, स्वातंत्र्य चळवळीत तुरुंगवासही भोगला. हिमाचलच्या सफरचंदाच्या बागा आज दिसतात त्यामागे त्यांचा मोठा हात आहे.

तर या डेलिशियसची एक खोड आहे. जास्त दिवस ठेवलं की ते पिठूळ होतं. चावलं की ओला भुसा खाल्ल्यासारखं लागतं. घरात कुणी त्याला हात लावत नाही, टोपलीत तसंच पडून राहतं. मंडळी, सॉसला तेच फळ घ्या! पिठूळ सफरचंद झटकन विरघळतं. फुजीसारखं कडक, करकरीत फळ खायला छान, पण शिजायला वेळ लावतं. पिवळं गोल्डन मिळालं तर उत्तमच, त्याचा सॉस मऊ आणि रंगाला सुरेख होतो. दोन जाती मिसळल्या तर चव आणखी चांगली लागते. सडलेलं, काळं पडलेलं, बुरशी आलेलं मात्र नको. थोडा भाग कापून बाकीचं वापरू, हा हिशोब आजारी माणसाच्या खाण्यात करू नका.

साहित्य लिहून घ्या. सफरचंदं 1 किलो, म्हणजे मध्यम आकाराची सहा-सात. पाणी अर्धी वाटी. लिंबाचा रस एक चमचा. हवा असल्यास दालचिनीचा बोटभर तुकडा. साखर नाही.

फळं वाहत्या पाण्याखाली चोळून धुवा, स्टिकर काढा. चार फोडी करा आणि मधला बियांचा भाग काढून टाका. साल काढायची की नाही, हे तुमच्याकडे काय आहे त्यावर ठरेल. आणि इथेच मला माझा आवडता मुद्दा सांगायचाय.

अमेरिकेत सॉस करायला 'फूड मिल' नावाचं एक यंत्र वापरतात. वर भांडं, खाली भोकांची चकती, मधे फिरणारं पातं आणि हँडल. ओळखलंत ना? आपलं पुरणयंत्र! होळीला आणि श्रावणात बाहेर येतं आणि बाकी वर्षभर माळ्यावर असतं, तेच. ते असेल तर साल काढायची गरजच नाही. सालीसकट शिजवा, यंत्रातून काढा, साली वर राहतात आणि गर खाली पडतो. सालीचा लाल रंग गरात उतरतो, फिकट गुलाबी सॉस मिळतो. घट्टपणा आणणारं पेक्टिनही सालीत आणि सालीलगत भरपूर असतं. पुरणयंत्र नसेल तर साली काढा, शिजवा आणि पुरणाच्या चाळणीतून वाटीने घासून काढा. मिक्सर चालतो, पण त्याने हवा मिसळते, सॉस फेसाळ होतो आणि मग तो जरा खाली बसू द्यावा लागतो.

जाड बुडाच्या पातेल्यात फोडी आणि पाणी घाला, दालचिनी टाका, झाकण ठेवा. मध्यम आंच. वाफ धरली की बारीक करा. मधेमधे हलवा, कारण सफरचंद खाली लागलं की जळका वास अख्ख्या सॉसला लागतो. वीस-पंचवीस मिनिटांत फोड पळीच्या पाठीने दाबली की विरघळली पाहिजे. जरासा प्रतिकार वाटला तर अजून पाच मिनिटं. घाई नको.

कुकरमध्ये करायचं असेल तर एक काळजी घ्या. फोडी थेट कुकरच्या तळाशी घालू नका. शिजणारं सफरचंद फेसाळून वर येतं आणि शिट्टीची वाट बुजू शकते. वरणभातासारखं करा: खाली पाणी, वर झाकणाच्या डब्यात फोडी. डब्यात पाणी घालायचं नाही, सफरचंदातच 85 टक्क्यांच्या आसपास पाणी असतं. तीन शिट्ट्या, आणि वाफ आपोआप जिरू द्या.

आता दालचिनी काढून टाका आणि गरमगरमच पुरणयंत्रातून काढा. लिंबाचा रस मिसळा. लिंबू दोन कामं करतं. कापलेलं सफरचंद हवेने तपकिरी पडतं, ते थोडं आवरतं. शिवाय डेलिशियस जात गोड असली तरी आंबटपणात कमी, म्हणून चव मिळमिळीत लागते. लिंबाने ती जागी होते. झाला सॉस. किलोभर फळाचा पाऊण किलोच्या आसपास होतो.

आता बाबांबद्दल. दोन वर्षांपूर्वी त्यांना अर्धांगवायूचा झटका आला. उजवी बाजू गेली, बोलणं अडखळायला लागलं, आणि ज्याचा आम्ही विचारही केला नव्हता ती गोष्ट म्हणजे गिळणं. पाण्याचा घोट घेतला की ठसका. आम्हाला वाटायचं, पातळ पदार्थ सोपा, म्हणून वरणाचं पाणी, भाताची पेज, मोसंबीचा रस. हॉस्पिटलमधल्या स्पीच थेरपिस्टबाईंनी समजावलं की गिळण्याचे स्नायू मंदावले की पातळ पदार्थच सगळ्यात धोक्याचा. तो घशातून भर्रकन उतरतो, श्वासनलिका बंद व्हायला वेळच मिळत नाही, आणि अन्न फुप्फुसात गेलं की न्यूमोनिया. केळं कुस्करून देत होतो, ते चिकट, टाळूला धरून बसतं. 'प्युरी द्या,' त्या म्हणाल्या, 'एकसारखी, गुठळी नाही, चिकट नाही, पाणी सुटलेलं नाही.'

जगभर यासाठी 0 ते 7 अशा पायऱ्या वापरतात, त्या पद्धतीला आयडीडीएसआय म्हणतात. त्यातली 4 नंबरची पायरी प्युरीची. घरी तपासायची रीत सोपी आहे. चमचाभर सॉस घ्या. चमच्यावर त्याने आकार धरला पाहिजे. चमचा तिरपा करून हलकेच झटकला की अख्खा गोळा एकदम खाली पडला पाहिजे, चमच्याला फार चिकटून राहता कामा नये. काट्यावर घेतला तर खालून थोडासा लोंबेल, पण धार लागता कामा नये. आमचा पहिला सॉस चवीला छान झाला, पण बशीत कडेने पाणी सुटत होतं. म्हणून आता गाळल्यावर तो झाकण न ठेवता मंद आंचेवर सात-आठ मिनिटं आटवते आणि गार झाल्यावर पुन्हा चमच्याची परीक्षा घेते. घरात कुणाला गिळायचा त्रास असेल तर कोणती पायरी चालेल, हे तुमच्या डॉक्टरांनी किंवा थेरपिस्टनी ठरवायचं. पॉडकास्ट ऐकून नाही, माझासुद्धा नाही.

पण मंडळी, खरी अडचण घट्टपणाची नव्हती. बाबा खातच नव्हते. महिन्याभरात शर्टाची कॉलर सैल झाली. आई चमचा पुढे करायची आणि ते मान फिरवायचे. एकदा फार कष्टाने दोनच शब्द बोलले, 'बाळाचं खाणं'. तीस वर्षं कारखान्यात फिटर म्हणून काम केलेला माणूस. त्याला लाळेरं बांधून भरवायचं, ते त्याला सोसेना. आणि त्यात त्याचं काय चुकलं, सांगा?

थेरपिस्टबाईंनी डाव्या हाताला काम द्या असं सांगितलं होतं. मी पुरणयंत्र टेबलावर ठेवलं, आईने ते घट्ट धरलं आणि हँडल बाबांच्या डाव्या हातात दिलं. त्यांनी आधी यंत्राकडे बघितलं, चकती बोटाने तपासली, एक फेरा उलटा फिरवला आणि मानेनेच सांगितलं, पातं नीट बसलेलं नाही. बसवून दिलं. मग फिरवायला लागले. किलोभर सफरचंदाला त्या दिवशी चाळीस मिनिटं लागली. त्या संध्याकाळी त्यांनी सहा चमचे सॉस खाल्ला, चमचा स्वतः धरून. सहा चमचे म्हणजे काही नाही, पण आमच्याकडे त्या महिन्यातलं ते सगळ्यात मोठं जेवण होतं. चमत्कार वगैरे झाला नाही. वजन भरायला चार महिने लागले, आणि सॉसबरोबर मऊ मुगाचं वरण गाळून, दही, अंड्याचं कस्टर्ड असं बरंच काही करावं लागलं. कारण सफरचंदात प्रथिनं जवळजवळ नसतात, नुसत्या सॉसवर माणूस उभा राहत नाही. पण खाण्याकडे पाठ फिरवलेला माणूस पुन्हा टेबलापाशी आला तो इथून.

भरवताना आम्ही पाळतो ते नियम सांगते. पाठ सरळ, खुर्चीत ताठ. झोपेत किंवा गुंगीत असताना काहीही द्यायचं नाही. लहान चमचा, आधीचा घास गिळल्याशिवाय पुढचा नाही. टीव्ही बंद. जेवल्यावर निदान अर्धा तास आडवं व्हायचं नाही. खाताना ठसका लागला किंवा खाल्ल्यावर आवाज घोगरा, ओलसर वाटला तर तिथेच थांबायचं आणि डॉक्टरांना सांगायचं.

आणखी एक. सॉसमध्ये गोळी कुटून देतात, आम्हीही देतो, पण विचारूनच. सगळ्या गोळ्या कुटायच्या नसतात. नावापुढे एसआर, एक्सआर, ईआर, सीआर असं असेल तर ती हळूहळू विरघळण्यासाठी बनवलेली असते. कुटली की दिवसभराचा डोस एकदम अंगात जातो. ॲसिडिटीच्या पँटोप्रॅझोलवर आतड्यात विरघळणारं आवरण असतं, तीही कुटायची नाही. प्रत्येक गोळीचं केमिस्टला नाही, डॉक्टरांना विचारा. बऱ्याच औषधांचं सिरप किंवा दुसरा पर्याय मिळतो.

बाळांसाठी थोडक्यात. सहा महिने पूर्ण झाल्यावर, वरचं खाणं सुरू केल्यानंतर हा सॉस चालतो. वर्षाच्या आत साखर नाही, मीठ नाही आणि मध तर अजिबात नाही. कच्च्या सफरचंदाची फोड लहान मुलांच्या घशात अडकू शकते, म्हणून शिजवलेलं बरं. मधुमेह असलेल्यांनी 'बिनसाखरेचा' या शब्दावर जाऊ नये. फळाची स्वतःची साखर आहेच, वाटीभर नाही, दोन-तीन चमचे घ्या आणि आहारात मोजा.

साठवण. साखरांबा वर्षभर टिकतो तो साखरेच्या जोरावर. इथे साखर नाही, त्यामुळे बाहेर ठेवायचं नाही. स्वच्छ कोरड्या काचेच्या बरणीत, फ्रीजमध्ये चार-पाच दिवस. जास्त केला असेल तर बर्फाच्या ट्रेमध्ये घालून गोठवा आणि वड्या पिशवीत भरून ठेवा, दोन महिने छान राहतात. गोठवलेला सॉस वितळल्यावर पाणी सोडतो, तेव्हा गरम करून घोटा आणि गिळण्याचा त्रास असलेल्यांसाठी चमच्याची परीक्षा पुन्हा घ्या.

उरलाच तर? गरम थालीपिठाबरोबर खाऊन बघा. बांधलेल्या चक्क्यात मिसळा, वेलची घाला. अंड्याशिवाय केक करत असाल तर एका अंड्याऐवजी पाव कप सॉस घाला, केक ओलसर होतो.

तर मंडळी, टोपलीतली ती पिठूळ सफरचंदं टाकू नका आणि माळ्यावरचं पुरणयंत्र पुढच्या होळीची वाट बघत ठेवू नका. तुमच्याकडे आजारी माणसासाठी मऊसूत असं काय करतात, तेही कळवा. आईला नवे पदार्थ हवेच आहेत, आणि बाबांना काही गाळायला मिळालं तर ते नाही म्हणत नाहीत. भेटू पुढच्या भागात. काळजी घ्या.