गप्प राहणाऱ्यांची दाद



पानिपत म्हटलं की आपल्याला लढाई आठवते. कुणाचा पुरता बोजवारा उडाला की ‘त्याचं पानिपत झालं’ असं आपण आजही म्हणतो. १७६१ सालचं ते दुःख आपल्या भाषेतच मुरलं आहे. पण पानिपत हे नुसतं रणांगण नव्हे. ते माणसांनी भरलेलं, नांदतं गाव होतं आणि आहे. त्या लढाईनंतर ७६ वर्षांनी, १८३७ साली, त्याच गावात एका मुलाचा जन्म झाला. पुढे तो उर्दूतला मोठा कवी झाला आणि कविता कशी असावी हे सांगणारा मोठा समीक्षकही झाला. आज आपण त्यांच्याविषयी बोलणार आहोत. त्यांचं नाव ख्वाजा अल्ताफ हुसेन हाली.

आधी नावाचं बघू. उर्दू कवी टोपणनाव घेतात. यांनी सुरुवातीला ‘खस्ता’ असं नाव घेतलं होतं. खस्ता म्हणजे मोडलेला, थकलेला. ‘आईनं पोरांसाठी खस्ता खाल्ल्या’ असं आपण म्हणतो, ते याच्याच जवळचं. पुढे त्यांनी नाव बदलून ‘हाली’ केलं. हाली म्हणजे आत्ताच्या काळातला. आपण ‘हल्ली’ म्हणतो, तोच हा शब्द. तेव्हा उर्दू आपल्याला वाटते तितकी परकी नाही. तिचे कितीतरी शब्द आपल्या चुलीपाशी बसलेले आहेत.

हालींचं बालपण सुखाचं नव्हतं. त्यांच्या जन्मानंतर आईच्या मनाचा तोल गेला. नऊ वर्षांचे असताना वडील वारले. थोरल्या भावानं आणि बहिणींनी त्यांना वाढवलं. त्यांना शिकायची फार ओढ होती. पण सतराव्या वर्षी घरच्यांनी लग्न लावून दिलं. मुलगी नात्यातलीच, नाव इस्लामुन्निसा. आता संसार बघ, नोकरी बघ, असं सगळे म्हणू लागले. तेव्हा एके दिवशी, बायको माहेरी गेलेली असताना, हाली कुणाला न सांगता घरातून निघाले आणि दिल्ली गाठली. पानिपतहून दिल्ली जवळपास नव्वद किलोमीटर. तिथं ते एका मदरशात राहून शिकले. तिथंच त्यांना मिर्झा गालिब भेटले. दीड वर्षानं घरच्यांनी शोधून परत आणलं.

मैत्रिणींनो, ही गोष्ट मनात ठेवा. शिकण्यासाठी रातोरात घर सोडता आलं, ते नवऱ्याला. माहेरी गेलेल्या इस्लामुन्निसाला हे करता आलं असतं का? पुढे हालींनी बायांविषयी जे लिहिलं, ते वाचताना हा प्रश्न आपल्याला पडतोच.

१८५७ साली उठाव झाला तेव्हा हाली हिस्सारला सरकारी नोकरीत होते. ती नोकरी गेली आणि ते गावी परतले. दिल्लीचं जुनं वैभव, कवींच्या मैफली, सगळं उद्ध्वस्त झालं. पुढे काही वर्षं त्यांनी शेफ्ता नावाच्या जाणत्या नवाबाच्या मुलांना शिकवलं. १८६९ साली गालिब गेले, तेव्हा हालींनी त्यांच्यावर शोकगीत लिहिलं. मग पोटासाठी ते लाहोरला गेले. इंग्रजी पुस्तकांची उर्दूत भाषांतरं होत, त्यांची भाषा तपासून नीट करायची, हे त्यांचं काम होतं. या कामानं त्यांना नवी नजर दिली.

त्या काळी मुशायऱ्यात, म्हणजे कवींच्या बैठकीत, एक ओळ दिली जाई आणि त्या चालीवर सगळ्यांनी गझल करायची असे. १८७४ साली लाहोरला वेगळ्या बैठका सुरू झाल्या. तिथं ओळ न देता विषय देत. पावसाळा, आशा, देशाचं प्रेम, दया आणि न्याय असे विषय. हालींनी त्यांवर कविता केल्या. न पाहिलेल्या प्रेयसीसाठी उसासे टाकण्यापेक्षा डोळ्यांसमोरचा पाऊस लिहावा, हे त्यांना पटलं.

त्याच वर्षी त्यांनी बायांसाठी एक पुस्तक लिहिलं, ‘मजालिसुन्निसा’. अर्थ सरळ आहे : बायांच्या बैठका. आपल्या बचत गटाची बैठक असते ना, तसंच. या पुस्तकात बाया एकत्र बसून बोलतात, तेही घरात बायका बोलतात त्याच बोलीत. झुबैदा खातून नावाच्या मुलीची गोष्ट त्यात आहे. तिला वडील लिहा-वाचायला शिकवतात, हिशेब शिकवतात, आणि पुढे ती आपल्या मुलाला घडवते. या पुस्तकाला सरकारनं चारशे रुपयांचं बक्षीस दिलं आणि पंजाबातल्या मुलींच्या शाळांत ते शिकवलं गेलं.

१८७९ साली त्यांची ‘मुसद्दस’ ही सहा-सहा ओळींच्या कडव्यांची दीर्घ कविता आली. मुसलमान समाज कसा चढला आणि कसा घसरला, याची ती कहाणी आहे. अलीगढचं कॉलेज काढणारे सर सय्यद अहमद खान यांच्या आग्रहावरून ती लिहिली गेली. या कवितेचा एक भाग पैगंबरांविषयी आहे. अनाथांचा पालनकर्ता, दुबळ्यांचा आसरा असं त्यांचं रूप त्यात आहे. तो भाग लोक आजही भक्तीनं म्हणतात. नवव्या वर्षी बाप गमावलेल्या माणसानं देवाच्या दूताकडे बघताना आधी काय बघितलं, तर अनाथांना दिलेला आधार. मोठ्या चमत्कारांपेक्षा त्यांना ते मोठं वाटलं.

आता आपल्या मुख्य विषयाकडे येऊ. १८८४ साली हालींनी ‘मुनाजात-ए-बेवा’ लिहिली. बेवा म्हणजे विधवा. मुनाजात म्हणजे देवापाशी केलेली विनवणी. मूळ शब्दात कानाशी हळू बोलणं, गुपित सांगणं असा अर्थ आहे. म्हणजे जे जगात कुणाला सांगता येत नाही, ते देवाच्या कानात सांगायचं. या कवितेत बोलते ती एक बालविधवा. लग्न म्हणजे काय हे कळायच्या आत लग्न झालं, आणि नवरा म्हणजे काय हे कळायच्या आत तो गेला. पुढचं सगळं आयुष्य उरलं ते लोकांच्या नजरेखाली. ती देवाला आपलं एकटेपण सांगते, मनाशी चाललेली झुंज सांगते, आणि लोकांनी पाडलेल्या रूढीविषयी गाऱ्हाणं करते.

इथं एक गोष्ट समजून घेतली पाहिजे. इस्लाम धर्मात विधवेच्या दुसऱ्या लग्नाला मनाई नाही. पण त्या काळी उत्तर हिंदुस्थानातल्या खानदानी मुसलमान घरांत ते कमीपणाचं मानलं जाई. हिंदूंमध्ये तर विधवाविवाहाचा कायदा १८५६ सालीच झाला होता, तरी रूढी जागची हलली नव्हती. एकीकडे धर्म ‘हो’ म्हणत होता, दुसरीकडे कायदा ‘हो’ म्हणत होता, आणि दोन्हीकडच्या बाया घरात कोंडलेल्याच होत्या. अडवणारी होती ती रूढी. म्हणून ही प्रार्थना केवळ देवाला ऐकवायची नाही. आजूबाजूच्या माणसांनाही ती ऐकू जावी, यासाठी ती मोठ्यानं लिहिली आहे.

आणि भाषा? जड फारसी-अरबी शब्दांचा डौल करणं हालींना सहज जमलं असतं. विद्वान माणूस तो. पण या कवितेत त्यांनी तो बाजूला ठेवला. अगदी साधी, घरातली, हिंदी म्हणा की उर्दू म्हणा, अशी बोली वापरली. कारण बोलणारी बाई घरातली आहे. तिच्या तोंडी दरबारी भाषा शोभली नसती.

हेच त्यांनी पुढे समीक्षक म्हणून सांगितलं. १८९३ साली त्यांचा कवितासंग्रह निघाला. त्याला त्यांनी लांबलचक प्रस्तावना लिहिली, ‘मुकद्दमा-ए-शेर-ओ-शायरी’. उर्दूतली समीक्षा खऱ्या अर्थानं इथून सुरू झाली असं मानतात. मिल्टन या इंग्रज कवीच्या विचाराचा आधार घेऊन त्यांनी चांगल्या कवितेच्या तीन खुणा सांगितल्या. पहिली सादगी, म्हणजे साधेपणा. दुसरी असलियत, म्हणजे अस्सलपणा, जगात जे खरोखर असतं त्याला धरून असणं. तिसरी जोश, म्हणजे मनातून आलेली उसळी. ज्याला कधी प्रेमाची झळ लागली नाही त्यानं विरहाचे बनावट अश्रू ढाळू नयेत, असं त्यांचं म्हणणं. समाज बिघडला की कविता बिघडते आणि बिघडलेली कविता समाजाला आणखी बिघडवते, असंही त्यांनी बजावलं.

जुन्या वळणाचे लोक चिडले. लखनौच्या ‘अवध पंच’ या वर्तमानपत्रानं त्यांची खूप टर उडवली. त्यांच्या नावावर कोट्या केल्या, गावावर, म्हणजे पानिपतावरही केल्या. हाली भांडत बसले नाहीत, लिहीत राहिले. गालिबचं चरित्र लिहिलं, सर सय्यद यांचं चरित्र लिहिलं. १९०४ साली सरकारनं त्यांना ‘शम्स-उल-उलेमा’, म्हणजे विद्वानांमधला सूर्य, ही पदवी दिली.

आणि १९०५ साली, वयाच्या अडुसष्टाव्या वर्षी, ते पुन्हा बायांकडे वळले. ‘चुप की दाद’ ही कविता लिहिली. ती छापली कुठं? अलीगढहून निघणाऱ्या ‘खातून’ या बायांच्या मासिकात. ‘दाद’ हा शब्द आपल्याकडे दोन अर्थांनी येतो. गाणं आवडलं की आपण दाद देतो आणि अन्याय झाला की दाद मागतो. या कवितेत दोन्ही अर्थ आहेत. आई, बहीण, मुलगी म्हणून बायांनी जे निमूट सोसलं, त्याचं कौतुक आहे. आणि त्यांना विद्येपासून दूर ठेवलं, हा अन्याय आहे, याची कबुलीही आहे.

पण मैत्रिणींनो, मोठ्या माणसाचं बोलणंही पारखून घ्यावं. हालींना बाई शिकलेली हवी होती, ती घर नीट चालावं, मुलं चांगली निपजावीत म्हणून. बाईनं स्वतःसाठी शिकावं, बाहेर पडावं, इथवर ते आले नाहीत. सोसण्याचं कौतुक गोड असतं, पण कौतुकानं सोसणं संपत नाही. ‘मुनाजात’ निघण्याच्या दोनच वर्षं आधी, १८८२ साली, आपल्या बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी ‘स्त्री-पुरुष तुलना’ लिहिली होती. तीही विधवांवरच्या अन्यायानं पेटून लिहिलेली. ताराबाई स्वतः बोलल्या, रोखठोक बोलल्या. तिकडे दिल्लीत एका पुरुषानं बाईचा आवाज घेऊन देवाकडे विनवणी केली. दोन्हींचं मोल आहे. पण दुसऱ्यानं आपल्या वतीनं मागितलेली दाद आणि आपण स्वतः मागितलेली दाद यांत फरक आहे, हे विसरून चालणार नाही.

हाली १९१४ साली पानिपतातच वारले. त्यांचा पणतू पुढे मुंबईत आला. ‘आवारा’, ‘श्री ४२०’ हे सिनेमे लिहिणारे ख्वाजा अहमद अब्बास, ते हेच. गोव्याच्या मुक्तीवरचा ‘सात हिंदुस्तानी’ही त्यांनीच काढला.

आज हे सगळं का सांगितलं? कारण ती रूढी अजून पुरती गेलेली नाही. २०२२ साली कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड गावानं ठराव केला, की नवरा गेल्यावर कुंकू पुसायचं नाही, बांगड्या फोडायच्या नाहीत, मंगळसूत्र तोडायचं नाही. सरकारनं इतर गावांनाही त्याप्रमाणे चालायला सांगितलं. ‘मुनाजात’नंतर १३८ वर्षांनीही असा ठराव करावा लागतो, यावरून काय ते समजा.

तेव्हा आम्ही एक सुचवतो. जात्यावरच्या ओव्या आपल्या आज्यांनी रचल्या, त्या कुणाच्या संग्रहात छापून येतील म्हणून नव्हे. साधेपणा, अस्सलपणा आणि मनाची उसळी, हालींच्या तिन्ही खुणा त्यांत असतात. येत्या बैठकीत हिशेब झाला की दहा मिनिटं ठेवा. आपल्यातली एखादी बाई, जिचा नवरा गेला आहे, तिला विचारा, तुला काय म्हणायचं आहे? देवापाशी जे हळू बोलतेस ते आमच्यापाशी बोलशील का? ती बोलली तर मध्ये बोलू नका, समजूत घालू नका. आणि तिच्या गावात तो ठराव अजून झाला नसेल, तर पुढच्या ग्रामसभेत तिच्यासोबत जाऊन बसा. तिला बोलायचं असेल तर बोलू द्या, आपण शेजारी उभ्या राहू.