समन्स आले तर घाबरू नका, हजर राहा



आज आम्ही भाडेकरूच्या एका हक्काविषयी बोलणार आहोत. चाळीतली खोली लहान असते, पण रेशनकार्ड, मतदारयादीतले नाव, मुलांची शाळा हे सारे त्या पत्त्यावर अवलंबून असते. म्हणूनच "खोली खाली करा" अशी वकिलाची नोटीस आली की घरातला कर्ता माणूस खचतो. काही जण तर कोर्टाची पायरी न चढताच सामान बांधतात.

बंधूंनो, नोटीस म्हणजे कोर्टाचा हुकूम नव्हे. 31 मार्च 2000 पासून आपल्या राज्यात महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, 1999 लागू आहे. हा कायदा ज्या भाडेकरूला लागू होतो, त्याला बाहेर काढण्यासाठी मालकाला दावा लावून कायद्यातले कारण सिद्ध करावे लागते. मुंबईत असे दावे लघुवाद न्यायालयात चालतात. वीज-पाणी तोडून हुसकावणे बेकायदा आहे.

भाडे थकले असेल, तर मालकाने लेखी मागणीची नोटीस देऊन 90 दिवस थांबले पाहिजे. त्यानंतर दावा लागला, तरी समन्स मिळाल्यापासून 90 दिवसांत थकबाकी 15 टक्के सरळ व्याजासह कोर्टात भरावी, पुढील भाडे निकालापर्यंत नियमित भरावे आणि कोर्ट सांगेल तो दाव्याचा खर्च द्यावा. तसे केल्यास थकबाकीच्या कारणावरून कब्जाचा हुकूम होत नाही. मालकाने "जागा मला हवी" म्हटले, तर अधिक हाल कोणाचे होतील हेही कोर्टाला पाहावे लागते. तुमचे हाल कोर्टापुढे तुम्हीच मांडायचे आहेत.

मात्र 'लीव्ह अँड लायसन्स'वर राहणाऱ्यांची गोष्ट वेगळी आहे. मुदत संपल्यावर त्यांचे प्रकरण सक्षम प्राधिकाऱ्यापुढे जाते. तेथे समन्स मिळाल्यापासून 30 दिवसांत प्रतिज्ञापत्र देऊन बचावाची परवानगी मागावी लागते. करारपत्रावर सही करण्यापूर्वी ते वाचून घ्या.

समन्स उशाखाली ठेवू नका. तारखेला गैरहजर राहिल्यास एकतर्फी निकाल होतो. तो रद्द करून घेता येतो, पण त्यासाठी सबळ कारण द्यावे लागते आणि मुदतही अवघी 30 दिवसांची असते. भाड्याची प्रत्येक पावती जपा. मालक भाडे नाकारत असेल, तर ते पोस्टाने किंवा बँकेमार्फत पाठवा आणि पुरावा ठेवा.

वकिलाची फी कोठून आणायची, असे आम्हाला नेहमी विचारले जाते. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, 1987 प्रमाणे अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना आणि सर्व स्त्रियांना, उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मागता येतो. 1990 च्या दुरुस्तीने अनुसूचित जातींतील बौद्धांनाही ही ओळख मिळाली आहे. जातीचा दाखला घेऊन जिल्हा न्यायालयातील विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात जा.

आपली बाजू ऐकली जावी हा आपला हक्क आहे. पण जो बोलत नाही, त्याची बाजू कोर्ट तरी कशी ऐकणार? तेव्हा शेजाऱ्याच्या दारी समन्स आले, तर त्याच्याबरोबर कोर्टापर्यंत चला, एवढीच आमची विनंती.