विजेचा रतीब
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



विजेचे बिल आले की आपण वाघोलीकर बायका कपाळाला हात लावतो. पण तो आकडा कोठे ठरतो, हे क्वचितच विचारतो. म्हणून आज दाभोळची हकीकत सांगते.

१९९३ साली राज्याच्या वीज मंडळाने अमेरिकेतील एन्रॉनच्या दाभोळ कंपनीशी करार केला. त्याची तऱ्हा अशी, की दुधाचा रतीब लावावा, दूध घेतले नाही तरी ठरावीक रक्कम द्यावी, आणि तीही डॉलरच्या भावाने! १९९५ साली कंपनीच्याच एका अधिकारीबाईंनी अमेरिकन संसदेच्या समितीपुढे सांगितले, की भारतीयांना ‘शिक्षित’ करणे व प्रकल्पाची तयारी यांवर दोन कोटी डॉलर खर्च झाले. विद्यार्थी आपण, मास्तर त्यांचा!

पण पुण्याच्या ‘प्रयास’ संस्थेने कराराचा हिशेब मांडून दाखविला. वेलदूरच्या बायकांनी १९९७ साली पोलिसांच्या लाठ्या सोसल्या. २००१ साली वीज मंडळाने ती महाग वीज घेणे थांबविले, आणि त्याच डिसेंबरात एन्रॉनचे दिवाळे वाजले.

तेव्हा कोणी फुकट शहाणपण शिकवू लागले, की पैसे कोणाचे, हे आधी विचारावे. वीज नियामक आयोग दरवाढीवर जाहीर सुनावणी घेतो. तेथे ग्राहकाला लेखी हरकत देता येते. वाण्याची यादी पै-पैशाने तपासणाऱ्या आपण एक अर्ज लिहू शकणार नाही का? पुढील सुनावणीला आपल्या मंडळाचा अर्ज जावा, एवढीच विनंती करून मी आपली रजा घेते.