उत्तर देण्याचा अधिकार



वकिलांच्या या परिषदेत अध्यक्ष म्हणून बोलण्यासाठी प्रतिबंधक स्थानबद्धता आणि व्यक्तिस्वातंत्र्य हा विषय मी आज मुद्दाम निवडला आहे. कारण ज्याच्यावर खटला नाही अशा माणसाचे वकीलपत्र घेणे, हे आपल्या व्यवसायाचे सर्वांत कठीण आणि म्हणूनच सर्वांत पवित्र कर्तव्य होय.

१८९७ साली पुण्यात प्लेग अधिकारी रँडच्या खुनानंतर सरकारने एकाच वेळी दोन मार्ग अवलंबिले. लोकमान्य टिळकांवर राजद्रोहाचा खटला भरून त्यांना १८ महिन्यांची सजा देण्यात आली. ती अन्यायाची होती, तरी तत्पूर्वी आरोप वाचून दाखवला गेला आणि ज्यूरीसमोर बचावही मांडता आला. बाळासाहेब व तात्यासाहेब नातू या सरदार बंधूंना मात्र मुंबई इलाख्याच्या १८२७ च्या पंचविसाव्या रेग्युलेशनखाली कैद करून त्यांच्या मिळकतींवर जप्ती आणली गेली, आणि १८९९ मध्ये सुटका होईपर्यंत त्यांच्याविषयीचा संशय पारखून पाहण्यास कोणतेही न्यायासन बसले नाही. टिळकांना निदान उत्तर देता आले. नातूंना प्रश्नच विचारला गेला नाही.

स्वतंत्र भारताच्या घटनाकारांनी खटल्याविना कैद करण्याची ही सत्ता समूळ नाहीशी केली नाही. राष्ट्राच्या संरक्षणासाठी शासनाला क्वचित आगाऊ पाऊल उचलावे लागते, हे मीही नाकारीत नाही. परंतु बाविसाव्या अनुच्छेदाने स्थानबद्धाला त्याच्या अटकेची कारणे शक्य तितक्या लवकर कळवण्याचे आणि त्याविरुद्ध निवेदन करण्याची सत्वर संधी देण्याचे बंधन शासनावर घातले. हे कलम म्हणजे नातूंना न मिळालेल्या उत्तराची घटनेने केलेली तजवीज होय, आणि तिची राखण कशी होते हे दोन निकालांवरून दिसून येते.

नागपूरच्या जिल्हा दंडाधिकाऱ्यांनी स्थानबद्ध केलेल्या एका इसमाला अटकेची कारणे इंग्रजीत देण्यात आली. त्याला इंग्रजी येत नव्हते. त्याने हिंदी प्रत मागितली, ती नाकारण्यात आली, आणि पोलीस अंमलदाराने तोंडी समजावून सांगितले एवढ्यावर सरकारने भागवले. १९६२ साली हरिकिसन विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ती स्थानबद्धता बेकायदेशीर ठरवली. कारण जो कागद वाचता येत नाही, त्याला उत्तर देता येत नाही. पुढे प्रभाकर पांडुरंग संझगिरी यांनी मुंबईच्या तुरुंगात, भारत संरक्षण नियमांखाली स्थानबद्ध असताना, 'अणूच्या अंतरंगात' हा मराठी शास्त्रीय ग्रंथ लिहिला. त्याचे हस्तलिखित प्रकाशनासाठी पत्नीकडे पाठवण्याची परवानगी सरकारने नाकारली, तेव्हा १९६५ साली सर्वोच्च न्यायालयाने निर्वाळा दिला की, नियमांनी ज्याला मज्जाव केलेला नाही ते स्वातंत्र्य कोठडीतही माणसापाशी शिल्लक राहते.

याच न्यायालयाने २८ एप्रिल १९७६ रोजी, आणीबाणीत, न्यायमूर्ती खन्ना यांचा एकट्याचा विरोध बाजूला सारून, स्थानबद्धाला न्यायालयाचे दारच बंद केले, हेही विसरता येत नाही. तो निकाल रद्दबातल ठरण्यास २०१७ साल उजाडावे लागले. तोवर 'मिसा' या अंतर्गत सुरक्षा कायद्याखाली डांबलेल्यांपैकी कित्येकजण हयात नव्हते. व्यक्तिस्वातंत्र्याच्या बाबतीत उशिरा मिळालेला न्याय ज्याचा त्याला पोहोचतच नाही.

म्हणून या परिषदेने शासनाकडे दोन मागण्या निःसंदिग्ध शब्दांत कराव्यात. १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने, स्थानबद्धतेची छाननी करणाऱ्या सल्लागार मंडळाच्या अभिप्रायावाचून स्थानबद्ध ठेवण्याची मुदत तीन महिन्यांवरून दोन महिन्यांवर आणली. संसदेने संमत केलेली ती तरतूद अद्याप अमलात आलेली नाही, ती आणावी. आणि राष्ट्रीय सुरक्षा कायद्याखालील स्थानबद्धाला सल्लागार मंडळापुढे वकील देण्याचा हक्क मिळावा. खुनाच्या आरोपीला जो आधार आपण निमूटपणे मान्य करतो, तो ज्याच्यावर कोणताही गुन्हा शाबीत झालेला नाही, किंबहुना आरोपही ठेवलेला नाही, त्याला नाकारणे कोणत्या न्यायात बसते?

मित्रहो, कायदे बदलेपर्यंत आपणांस स्वस्थ बसता येणार नाही. आदेशावरील तारीख, कारणांची प्रत, निवेदन किती दिवस दप्तरात पडून राहिले याचा हिशेब, या बारीकसारीक गोष्टी तांत्रिक म्हणून हिणवल्या जातात. परंतु स्थानबद्धाच्या हाती त्यांखेरीज दुसरे काहीच नसते. आपल्या जिल्ह्यात असा आदेश निघेल तेव्हा, इसम कोणत्याही पक्षाचा, जातीचा वा कुलंगडी करणारा म्हणून बदनाम असला तरी, त्याची बाजू मांडावयास आपल्यापैकी कोणीतरी विनामूल्य उभा राहील, असा निर्धार करून आपण येथून जाऊ या.